प्रतिमेचा आवाज : लुईझ ब्रुक्सचे लेखन आणि प्रांजळपणाचा निकष

१

चित्रपट-अभिनेत्रींच्या आत्मकथनांचा विचार करताना मराठी समीक्षेने एक निकष जवळजवळ गृहीत धरलेला आहे. तो म्हणजे प्रांजळपणाचा. अभिनेत्रीने आपल्या आयुष्यातील, विशेषतः आपल्या स्त्री-पुरुषसंबंधांतील, किती गोष्टी उघड केल्या यावरून तिच्या पुस्तकाचे मोल ठरते. जिने पुष्कळ सांगितले तिचे कथन 'धीट' ठरते. जिने मोजके सांगितले तिचे 'संयत', आणि थोड्या नापसंतीच्या सुरात 'हातचे राखून लिहिलेले' ठरते. वरवर पाहता हा निकष वाङ्मयीन वाटतो, कारण आत्मचरित्र आणि सत्यकथन यांचे नाते जुनेच आहे. परंतु एखाद्या नाटककाराच्या, संपादकाच्या किंवा राजकीय पुढाऱ्याच्या आत्मचरित्राला आपण हा निकष इतक्या आग्रहाने लावत नाही. तेथे आपला प्रश्न वेगळा असतो : या माणसाने आपल्या काळाचे आणि आपल्या कामाचे काय आकलन मांडले? अभिनेत्रीपाशी येताच हा प्रश्न मागे पडतो आणि 'तिने काय काय सांगितले' हा प्रश्न पुढे येतो.

हा बदल का होतो, याचा विचार केला पाहिजे. पडद्यावर जिला दुरून पाहिले तिला अधिक जवळून पाहता यावे, ही प्रेक्षकाची इच्छा वाचकाच्या रूपाने पुस्तकापर्यंत येऊन पोहोचते, असे तर नसेल? तसे असेल, तर प्रांजळपणाचा निकष हा कॅमेऱ्याच्या नजरेचाच वाङ्मयीन अवतार ठरतो. क्लोज-अपमध्ये जे हाती लागले नाही ते आत्मकथनाने पुरवावे, अशी ही मागणी आहे.

या मागणीची तपासणी करण्यासाठी प्रस्तुत लेखात अमेरिकन मूकपट-अभिनेत्री लुईझ ब्रुक्स हिचे उदाहरण घेतले आहे. निवडीचे कारण असे की, केवळ चेहरा म्हणून ओळखली गेलेली ही अभिनेत्री पन्नाशीनंतर लेखिका झाली. आपण आत्मचरित्र कधीही लिहिणार नाही असे तिने जाहीर केले. आणि तरीही तिच्या 'लुलू इन हॉलिवूड' (१९८२) या लेखसंग्रहाला चित्रपटविषयक आत्मपर लेखनात मानाचे स्थान मिळाले. रोलाँ बार्त याने १९५७ साली ग्रेटा गार्बोच्या चेहऱ्यावर लिहिलेले टिपण आपल्याकडील अभ्यासकांच्या परिचयाचे आहे. गार्बोच्या चेहऱ्याविषयी बार्त बोलला. गार्बोने मात्र आपले आत्मचरित्र प्रसिद्ध केले नाही. ब्रुक्सच्या बाबतीत चेहराच लिहू लागला. तेव्हा समीक्षेपुढे जी अडचण उभी राहिली ती आपल्याही उपयोगाची आहे.

२

लुईझ ब्रुक्सचा जन्म १४ नोव्हेंबर १९०६ रोजी कॅन्सस राज्यातील चेरीव्हेल या लहान गावी झाला. वडील वकील होते. आई उत्तम पियानो वाजवणारी आणि मुलांच्या संगोपनात फारसे लक्ष न घालणारी होती. पंधराव्या वर्षी, १९२२ साली, लुईझ न्यूयॉर्कला जाऊन रूथ सेंट डेनिस आणि टेड शॉन यांच्या डेनिशॉन नृत्यसंस्थेत दाखल झाली. पुढे आधुनिक नृत्याची प्रवर्तक ठरलेली मार्था ग्रॅहम तेव्हा त्याच संस्थेत होती. १९२४ साली संस्थेने लुईझला काढून टाकले. नंतर ब्रॉडवेवरील नृत्यनाट्ये, झिगफेल्ड फॉलीज हा प्रसिद्ध रंगमंचीय कार्यक्रम आणि १९२५ साली पॅरामाउंट कंपनीशी चित्रपटांचा करार, असा तिचा प्रवास झाला. आपण अभिनय ग्रॅहमचे नृत्य पाहून शिकलो आणि पडद्यावर वावरायला चॅप्लिनकडे पाहून शिकलो, अशा अर्थाचे तिचे एक विधान प्रसिद्ध आहे. ते चमत्कृतिपूर्ण वाटले तरी त्यात शिस्तीचा उल्लेख आहे, हे ध्यानात ठेवले पाहिजे. पुढे या शिस्तीचाच विसर पाडला गेला.

तिच्या अमेरिकन मूकपटांपैकी काही आज नष्ट झालेले आहेत. 'रोल्ड स्टॉकिंग्ज' (१९२७) आणि 'द सिटी गॉन वाइल्ड' (१९२७) पाहावयास मिळत नाहीत; 'द अमेरिकन व्हीनस' (१९२६) याचे तुकडे तेवढे उरले आहेत. हॉवर्ड हॉक्सचा 'अ गर्ल इन एव्हरी पोर्ट' (१९२८) आणि विल्यम वेलमनचा 'बेगर्स ऑफ लाइफ' (१९२८) हे उरलेल्यांतील महत्त्वाचे. दुसऱ्यात अत्याचारी पालकाचा खून करून मुलाच्या वेषात पळणाऱ्या मुलीची तिची भूमिका आहे.

कारकिर्दीला कलाटणी देणारी घटना १९२८ सालची. बोलपटांचे युग सुरू होत होते आणि ध्वनीच्या नव्या तंत्राची सबब पुढे करून स्टुडिओ कलावंतांचे करार आवळत होते. ब्रुक्सला अपेक्षित असलेली पगारवाढ पॅरामाउंटने नाकारली : आठवड्याला ७५० डॉलर या चालू पगारावर राहावे, नपेक्षा जावे. ती गेली. बर्लिनमध्ये जी. डब्ल्यू. पाब्स्ट हा दिग्दर्शक आपल्या नव्या चित्रपटासाठी तिची मागणी करीत होता. जाण्यापूर्वी तिने 'द कॅनरी मर्डर केस' हा मूकपट पुरा केला होता. कंपनीने त्याचा बोलपट करण्याचे ठरवले आणि संवाद बोलण्यासाठी तिला परत बोलावले, तेव्हा तिने साफ नकार दिला. शेवटी मार्गारेट लिव्हिंग्स्टन या अभिनेत्रीचा आवाज तिच्या प्रतिमेवर चढवण्यात आला. ब्रुक्सचा आवाज बोलपटाला चालण्याजोगा नाही, अशी वदंता कंपनीने पसरवल्याचे ती स्वतः सांगते.

दुसरा प्रसंग युरोपातला. आउगुस्तो जेनिना दिग्दर्शित 'प्री द बोते' (१९३०) या फ्रेंच चित्रपटाच्या कथेत रने क्लेअर आणि पाब्स्ट यांचा हात होता. सौंदर्यस्पर्धेत विजयी झालेल्या टायपिस्ट मुलीची ही कथा. येथेही ब्रुक्सच्या प्रतिमेला दुसऱ्या स्त्रियांचा फ्रेंच आवाज देण्यात आला. शेवटच्या दृश्यात नायिका प्रक्षेपणगृहात बसून आपल्याच बोलपटाची चाचणी पाहत असते. मत्सराने पेटलेला पती तेथे येऊन तिच्यावर गोळी झाडतो. खुर्चीत देह निष्प्राण पडतो, आणि पडद्यावर तिची प्रतिमा गातच राहते. ते गाणे ब्रुक्सचे नव्हेच.

या दोन घटनांचा एकत्र विचार केला, तर मूकपट-अभिनेत्रीच्या स्थितीचे एक रेखाचित्र मिळते. प्रतिमा तिची, आवाज दुसरीचा. प्रतिमा टिकते, व्यक्ती तिला अनावश्यक होते. आर्जेंटिनाचा लेखक आदोल्फो बिओय कासारेस याने 'मोरेलचा शोध' (१९४०) ही कादंबरी लिहिली, तिच्यामागे ब्रुक्सच्या प्रतिमेचे आकर्षण होते. एका बेटावरील फरारी माणूस रोज दिसणाऱ्या स्त्रीच्या प्रेमात पडतो. ती त्याच्याकडे पाहतही नाही, कारण ती एका यंत्राने मुद्रित केलेली प्रतिमा असते, आणि ज्याचे मुद्रण होते तो मरतो हा त्या यंत्राचा धर्म असतो. प्रतिमेच्या प्रेमात पडलेला तो माणूस त्या स्त्रीला कधी ऐकू शकेल काय, हा प्रश्न कादंबरीत शिल्लक राहतो. ब्रुक्सच्या लेखनाचे महत्त्व असे की, ते या प्रश्नाला बेटाच्या दुसऱ्या बाजूने दिलेले उत्तर आहे.

३

पाब्स्टच्या ज्या चित्रपटाने ब्रुक्सचे नाव टिकले तो म्हणजे 'पँडोराची पेटी' (१९२९). फ्रांक वेडेकिंटच्या 'एर्डगाइस्ट' (१८९५) आणि 'पँडोराची पेटी' (१९०४) या दोन नाटकांवर तो आधारलेला आहे. ग्रीक पुराणातील पँडोरा ही देवांनी एकेक गुण देऊन घडवलेली आणि मानवावर संकट आणणारी स्त्री. महाभारतातील तिलोत्तमेची घडण आठवली, तर या कल्पनेचे मर्म मराठी वाचकाला सहज कळेल : सृष्टीतील उत्तमातून कणाकणाने जमवलेली, सुंद आणि उपसुंद यांना एकमेकांच्या हातून मारवण्यासाठी पाठवलेली तिलोत्तमा. दोन्ही ठिकाणी स्त्री ही दुसऱ्यांनी घडवलेली रचना आहे, आणि तिच्यामुळे जे घडते त्याचे कर्तेपण मात्र तिच्याकडे दिले जाते. चित्रपटातील न्यायालयाच्या दृश्यात सरकारी वकील लुलूला पँडोरा म्हणतो ते याच अर्थाने.

बर्लिनच्या समीक्षकांनी ब्रुक्सवर घेतलेला आक्षेप मोठा बोलका आहे. या मुलीला अभिनय येत नाही. ती दुःख भोगत नाही. ती काहीच करीत नाही, असा त्याचा सूर होता. अभिव्यक्तिवादी रंगभूमीवर वाढलेल्या प्रेक्षकाला फ्रिट्झ कोर्टनरच्या डॉ. शोनमधील ताण हाच अभिनय वाटत होता. आस्ता नील्सनने १९२३ सालच्या 'एर्डगाइस्ट'मध्ये उभी केलेली लुलूही त्यांच्या स्मरणात होती. त्यांच्यापुढे ब्रुक्सची लुलू नुसती वावरत होती. पुढे जेव्हा काळ बदलला आणि हाच चित्रपट श्रेष्ठ ठरला, तेव्हा स्तुतीनेही तीच भाषा वापरली : ब्रुक्सने अभिनय केला नाही, ती लुलूच होती. दूषण आणि भूषण यांच्या तळाशी एकच समजूत आहे, ती म्हणजे या स्त्रीने काही *केले* नाही.

'पाब्स्ट आणि लुलू' या १९६५ साली प्रसिद्ध झालेल्या लेखात ब्रुक्स या समजुतीला उत्तर देते. तिची पद्धत समीक्षकाची आहे. आपल्या भावना काय होत्या हे सांगण्याऐवजी ती प्रथम वेडेकिंटकडे जाते. लुलू ही खरीखुरी व्यक्ती नसून आदिम लैंगिकतेचे रूप आहे, तिच्यामुळे अनर्थ घडतो पण तिला त्याची जाणीव नसते, तिची भूमिका निखळ निष्क्रिय आहे, या नाटककाराच्या स्वतःच्या भूमिकेवर ती बोट ठेवते. म्हणजेच 'काही न करणे' हा अभिनयाचा अभाव नसून संहितेचा अर्थ आहे. नील्सनच्या परंपरेतील सोसणारी, जाळणारी लुलू हीच वेडेकिंटशी विसंगत होती, असे तिच्या विवेचनातून निष्पन्न होते.

चित्रपटातील दृश्ये या अर्थाला दुजोरा देतात. आरंभीच मीटर तपासायला आलेल्या माणसाला लुलू पैसे देते, मद्य देते, त्याच्याशी हसून बोलते. त्यात डावपेच नाही. टॉमस एल्सेसरने १९८३ सालच्या आपल्या निबंधाच्या शीर्षकातच त्या मीटरवाल्याला जागा दिली, ती उगाच नव्हे. विवाहाच्या रात्री डॉ. शोन तिच्या हाती पिस्तूल देऊन तिला आत्महत्या करायला सांगतो आणि गोळी त्यालाच लागते. तेव्हा ब्रुक्सच्या चेहऱ्यावर गुन्ह्याची किंवा विजयाची छटा नाही, केवळ आश्चर्य आहे. लंडनमधील अखेरच्या प्रसंगात मारेकरी जॅक जिन्यातच आपला चाकू टाकून देतो. दोघांमध्ये क्षणभर खरी कोमलता निर्माण होते आणि मग टेबलावरील सुरीचे पाते चमकते. हा प्रसंग भयानक वाटतो तो त्या कोमलतेमुळे. लुलूने वासनेचा किंवा भीतीचा 'अभिनय' केला असता, तर ही कोमलता शक्य झाली नसती.

लॉरा मल्वीने १९७५ सालच्या निबंधात हॉलिवूडच्या चित्रपटातील स्त्रीचे वर्णन 'पाहिली जाण्यासाठी असलेली' असे केले. हे सूत्र ब्रुक्सला लावणे सोपे आहे; परंतु तिच्या लेखाने त्यात एक भर घातली आहे. पाहिले जाणे हे *काम* आहे, त्यात निर्णय असतात, त्याचे श्रेय आणि मोबदला यांचा हिशेब असतो, हे ती दाखवून देते. पाब्स्टने शेवटच्या प्रसंगासाठी तिच्याच आवडीचे कपडे फाडून, मळवून तिला नेसायला दिले, हा तिने सांगितलेला तपशील पाहा. दिग्दर्शक नटीच्या खऱ्या अपमानातून भूमिकेचा अपमान कसा काढतो, याचे ते विश्लेषण आहे. त्यात तक्रार आहे, तशीच पाब्स्टच्या कौशल्याची दादही आहे. दोन्ही एकाच वाक्यरचनेत नांदवणे हे लेखिकेचे काम.

४

'लुलू इन हॉलिवूड' या पुस्तकात सात लेख आहेत. त्यांतील एक कॅन्सस ते न्यूयॉर्क या प्रवासाचा, एक वेलमनबरोबरच्या चित्रीकरणाचा, एक पाब्स्टचा. उरलेले चार दुसऱ्यांविषयी आहेत : हम्फ्री बोगार्ट, डब्ल्यू. सी. फील्ड्स, लिलियन गिश व गार्बो, आणि मॅरियन डेव्हिसची भाची पेपी लेडरर. आत्मपर म्हणून वाचल्या जाणाऱ्या पुस्तकाचा अर्ध्याहून अधिक भाग दुसऱ्यांना दिलेला असावा, ही रचना अर्थपूर्ण आहे.

या चारही लेखांचा विषय एकच आहे : व्यक्ती आणि तिची विक्रीयोग्य प्रतिमा यांतील अंतर. बोगार्टवरील लेखात रंगभूमीवरचा सभ्य, सुस्थितीतील न्यूयॉर्ककर 'हम्फ्री' आणि पडद्यावरचा कणखर 'बोगी' हे जणू दोन वेगळे पुरुष आहेत, आणि दुसऱ्याने पहिल्याला हळूहळू कसे गिळले याचा शोध आहे. फील्ड्सवरील लेखात रंगमंचावरील विनोदी नटाची अखंड लय चित्रपटाच्या तुकड्यातुकड्यांच्या मांडणीत कशी मोडली जाते, याचे तंत्रविषयक विवेचन आहे. ते वाचताना लेखिका मुळात नर्तकी आहे याची जाणीव होते; देहाची हालचाल कोठे तोडली गेली हे तिला कळते.

१९५९ साली प्रसिद्ध झालेला गिश व गार्बो यांच्यावरील लेख या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा आहे. जुन्या चित्रपट-मासिकांचे अंक चाळून ब्रुक्सने त्यात एक बाजू मांडली : भरघोस पगार आणि कामावर नियंत्रण मागणाऱ्या गिशसारख्या अभिनेत्रीला निकालात काढण्यासाठी निर्मात्यांनी तरुण, स्वस्त गार्बोचा उपयोग केला, आणि मासिकांतील मजकूर त्यासाठी राबवला गेला. एरवी 'प्रेक्षकांची अभिरुची बदलली' असे म्हणून जी गोष्ट मिटवली जाते तिच्यामागे करारपत्रे आणि वेतनाचे आकडे असतात, असा हा युक्तिवाद आहे. त्यातील प्रत्येक निष्कर्ष मान्य व्हावा असे नाही. परंतु ताऱ्यांच्या उदयास्ताचा विचार अर्थव्यवहाराच्या अंगाने करणारे हे लेखन विद्यापीठीय चित्रपट-अभ्यासाने या विषयात पाऊल टाकण्याच्या बरेच आधीचे आहे. शिवाय ७५० डॉलरांच्या प्रश्नावर स्टुडिओ सोडलेल्या अभिनेत्रीची ही अप्रत्यक्ष आत्मकथाही आहे. स्वतःचे नाव फारसे न घेता तिने स्वतःचा खटला मांडला आहे.

पेपी लेडररवरील लेखाची जात आणखी वेगळी. श्रीमंतांच्या प्रासादात आश्रित म्हणून वाढलेली ही तरुणी. १९३५ साली तिने आत्महत्या केली. चित्रपटाच्या इतिहासात तिला तळटीपेचीही जागा नव्हती. ब्रुक्सने तिला एक अख्खा लेख दिला. ऐषारामात राहूनही ज्यांच्या नावावर काहीच नसते अशा स्त्रियांचे आयुष्य कसे विरघळून जाते, हे त्यात आहे, आणि आपण त्याच वाटेवर होतो ही जाणीव ओळींच्या मागे सतत आहे. हे आत्मकथनच आहे. फक्त त्यातील 'मी' साक्षीदाराच्या जागी बसलेला आहे.

५

येथे त्या प्रसिद्ध नकाराकडे वळले पाहिजे. हॉलिवूडला परतल्यावर ब्रुक्सला किरकोळ कामे मिळाली; १९३२ साली तिने दिवाळखोरी जाहीर केली; 'ओव्हरलँड स्टेज रेडर्स' (१९३८) हा तिचा शेवटचा चित्रपट ठरला. १९४० साली ती कॅन्ससमध्ये घरी गेली, १९४३ साली पुन्हा न्यूयॉर्कला आली, आणि काही काळ तिने एका मोठ्या दुकानात विक्रेती म्हणून काम केले. या काळात तिने आत्मचरित्र लिहावयास घेतले होते. त्याला तिने ग्यॉटेच्या 'फाउस्ट'मधील तरुण चेटकिणीच्या प्रसंगावरून नाव दिले, आणि पुढे ते हस्तलिखित जाळून टाकले. १९५५ साली पॅरिसमधील चित्रपट-संग्रहालयाचा संस्थापक आन्री लांग्लवा याने एका प्रदर्शनात तिचे भव्य छायाचित्र लावून गार्बो आणि डीट्रिश यांच्याही वर तिचे स्थान सांगितले. १९५६ साली जेम्स कार्ड या संग्रहपालाच्या पुढाकाराने ती रॉचेस्टर येथे राहावयास गेली. तेथील ईस्टमन हाउसमध्ये तिला जुने चित्रपट व मासिके उपलब्ध झाली आणि तिच्या लेखनाला आधार मिळाला.

१९७८ साली तिने आपण आत्मचरित्र कधीच का लिहिणार नाही, यावर लेख लिहिला. तिचे म्हणणे थोडक्यात असे : एखाद्या माणसाच्या लैंगिक प्रेमाचे, द्वेषाचे, संघर्षाचे आकलन झाल्याखेरीज त्याचे आयुष्य वाचकाला कळू शकत नाही; आणि तशा प्रकारचे सत्य लिहावयास मी तयार नाही; म्हणून मी आत्मचरित्र लिहिणार नाही. हा युक्तिवाद नीट पाहिला पाहिजे. प्रांजळपणाचा निकष ती फेटाळत नाही. उलट तो पूर्णपणे मान्य करते, आणि तो मान्य असल्यामुळेच लेखनप्रकार नाकारते. अर्धवट प्रांजळपणा दाखवून वाचकाची फसवणूक करण्यापेक्षा करारच न करणे तिला अधिक प्रामाणिक वाटते. फिलिप लजनने आत्मचरित्रात लेखक आणि वाचक यांच्यात जो करार गृहीत धरला आहे, त्यावर सही करण्यास दिलेला हा जाणीवपूर्वक नकार आहे.

पण त्यामुळे तिची सुटका होते काय? पूर्णपणे नाही. तिच्या लेखनात एक अंतर्विरोध आहे आणि तो लपवण्याचे कारण नाही. चित्रीकरणाच्या काळात पाब्स्टने तिला बजावले होते की, तुझे आयुष्य हुबेहूब लुलूसारखे आहे आणि तुझा शेवटही तसाच होईल. 'पाब्स्ट आणि लुलू'त ती हे भाकीत नोंदवते आणि पुढे ते आपल्यामागे लागल्याचेही सुचवते. म्हणजे ज्या समीकरणाविरुद्ध तिचा लेख उभा आहे, त्या 'ब्रुक्स म्हणजेच लुलू' या समीकरणाला ती स्वतःच खतपाणी घालते. संग्रहाच्या शीर्षकातही लुलू आहेच. १९७९ साली केनेथ टायनन याने 'न्यूयॉर्कर'मध्ये लिहिलेल्या दीर्घ लेखाने ती पुन्हा प्रकाशात आली. त्या लेखाचे शीर्षक तिच्या काळ्या शिरस्त्राणासारख्या केशरचनेवरून घेतलेले आहे. लेखिका म्हणून वीस वर्षे काम केलेल्या स्त्रीची ओळख पुन्हा केसांवरून पटवली गेली. या व्यवहारात तिचाही सहभाग होता. तिच्या आठवणी पडताळून घ्याव्या लागतात, हे बॅरी पॅरिसचे १९८९ सालचे चरित्र तिच्या लेखनाशेजारी ठेवून वाचताना लक्षात येते.

परंतु पाब्स्टचे भाकीत ज्या वाक्यात येते त्या वाक्याचा कर्ता कोण, हे विसरून चालणार नाही. लुलूचा शेवट चाकूच्या पात्यावर होतो. तिला आपली कथा सांगता येत नाही. ब्रुक्सने आपले भाकीत छत्तीस वर्षांनी स्वतःच्या शब्दांत छापून आणले. वाक्याचा आशय म्हणतो, 'तू लुलू आहेस'; वाक्य लिहिले जाणे हेच म्हणते, 'मी लुलू नाही.' आशय आणि उच्चार यांतील हा विरोध हा तिच्या गद्याचा खरा प्राण आहे. ती ८ ऑगस्ट १९८५ रोजी, वयाच्या अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी, रॉचेस्टर येथे वारली; तिच्या हाताने लिहिलेले पुस्तक तोवर तीन वर्षे वाचकांच्या हाती होते.

६

आता आरंभीच्या प्रश्नाकडे येऊ. ज्या वर्षी 'लुलू इन हॉलिवूड' प्रसिद्ध झाले, त्याच १९८२ साली मराठीत 'मी, दुर्गा खोटे' हे आत्मचरित्र आले. दुर्गाबाईंचा पडद्यावरील पहिला प्रवेश 'फरेबी जाल' (१९३१) या मूकपटातला. त्याआधी १९७० साली हंसा वाडकर यांचे 'सांगत्ये ऐका' प्रसिद्ध झाले होते. ते बोलपटाच्या जगाचे आहे. या दोन पुस्तकांची तुलना करताना पहिले संयत आणि दुसरे धीट, अशी वाटणी सहज केली जाते. ही वाटणी खोटी नाही; पण ती अपुरी आहे.

'सांगत्ये ऐका' हे प्रथम बोलले गेले आणि अरुण साधू यांच्या लेखणीतून कागदावर आले. बोलणारी एक आणि लिहिणारा दुसरा, ही त्याची घडण आहे. शीर्षकही १९५९ सालच्या चित्रपटाचे. त्यावरून १९७७ साली 'भूमिका' हा चित्रपट निघाला आणि सांगितलेले आयुष्य पुन्हा प्रतिमेत परतले. सांगणे, लिहिणे, पाहणे यांच्या या साखळीत आवाज कोणाचा आणि मांडणी कोणाची, हा प्रश्न प्रांजळपणाच्या निकषाला विचारताच येत नाही. कारण त्या निकषाच्या लेखी शब्द हे पारदर्शक काचेसारखे आहेत, त्यांतून पलीकडचे आयुष्य दिसले म्हणजे झाले. त्यामुळे हंसाबाईंचे धैर्य आपण वाखाणतो, पण कथनातील त्यांची निवड, क्रम, मौने यांच्याकडे दुर्लक्ष करतो. दुर्गाबाईंच्या बाबतीत उलट होते : त्यांनी व्यवसायाचे, कंपन्यांच्या कारभाराचे, अर्थार्जनाच्या गरजेचे जे आकलन मांडले ते 'हातचे राखून' या एका शेऱ्याखाली झाकले जाते.

येथे एक सावधगिरी बाळगली पाहिजे. ब्रुक्सचा नकार हा सर्वांना परवडणारा आदर्श नव्हे. रॉचेस्टरमधील संग्रहालयाची दारे तिला उघडी होती आणि एका जुन्या स्नेह्याकडून तिला दरमहा मदत मिळत होती. मौन बाळगण्यालाही आर्थिक आधार लागतो. जिला तो नाही तिच्यासाठी सर्व काही सांगून टाकणे हाच अनेकदा आवाज मिळवण्याचा एकमेव मार्ग असतो. तेव्हा न सांगणारी लेखिका श्रेष्ठ आणि सांगणारी कनिष्ठ, असा नवा उतरंडीचा निकष उभारणे म्हणजे जुन्याच चुकीची दिशा बदलणे होय.

ब्रुक्सच्या उदाहरणाने होते ते एवढेच, पण ते थोडे नाही. अभिनेत्रीचे लेखन हे तिच्या आयुष्यावरील पडदा दूर करण्याचे साधन असते, या गृहीताला ते छेद देते. अभिनेत्री आपल्या कलेविषयी, आपल्या श्रमाच्या मोबदल्याविषयी, आपल्या सहकाऱ्यांविषयी विचार करू शकते. दुसऱ्याची कथा सांगताना आपला खटला मांडू शकते. आणि वाचकाला हवे ते न देताही त्याच्याशी प्रामाणिक राहू शकते. असे लेखन समोर आल्यावर तिने किती सांगितले हा प्रश्न गैरलागू नाही, परंतु तो दुसरा प्रश्न आहे. पहिला प्रश्न, जो आपण नाटककाराला आणि संपादकाला विचारतो, तो तिलाही विचारला पाहिजे : तिने काय समजून घेतले, आणि ते कसे लिहिले? दोन बोलपटांत जिच्या प्रतिमेला परका आवाज चढवला गेला, तिने कागदावर आपला आवाज कमावला. तो ऐकताना आपण पुन्हा तिच्या चेहऱ्याकडेच पाहत बसलो, तर तिसऱ्यांदा तिचा आवाज काढून घेतल्यासारखे होईल.